व्हित्तोरियो दे सेता

व्हित्तोरियो दे सेता (जन्म : १५ ऑक्टोबर १९२३, पालेर्मो; मृत्यू : २८ नोव्हेंबर २०११, सेल्लिया मारिना) हे इटालियन माहितीपटकार, छायालेखक व चित्रपट-दिग्दर्शक होते. १९५४ ते १९५९ या काळात त्यांनी सिसिली, सार्डिनिया व कालाब्रिया या प्रदेशांत दहा लघुमाहितीपट तयार केले. त्यांपैकी चार माहितीपट समुद्रावर पोट असलेल्या माणसांविषयी आहेत : मेसिनाच्या सामुद्रधुनीतील तलवार माशांची शिकार, सिसिलीच्या किनाऱ्यावरील ट्यूनाचे सापळे, स्ट्रोंबोलीच्या ज्वालामुखीखाली राहणारे कोळी आणि सिसिली व आफ्रिका यांच्यामधील खोल समुद्रात जाणाऱ्या मासेमारी नौका. या माहितीपटांत निवेदन नाही, मुलाखती नाहीत आणि बाहेरून आणलेले पार्श्वसंगीतही नाही. पडद्यावर ऐकू येते ते कामकऱ्यांचे बोलणे, त्यांच्या आरोळ्या, गाणी, वल्ह्यांचा आवाज आणि समुद्र. ‘निरीक्षणात्मक माहितीपट’ ही संज्ञा रूढ होण्यापूर्वीच त्या पद्धतीचा पाया घालणाऱ्यांत दे सेता यांची गणना केली जाते.

जीवन

दे सेता यांचा जन्म एका उमराव घराण्यात झाला. रोममध्ये त्यांनी स्थापत्यशास्त्राचे शिक्षण घेतले. दुसऱ्या महायुद्धात ते नौदलात होते. ८ सप्टेंबर १९४३ रोजी इटलीने दोस्त राष्ट्रांशी केलेला युद्धविराम जाहीर झाला, तेव्हा जर्मन सैन्याने लक्षावधी इटालियन सैनिकांना ताब्यात घेतले. मुसोलिनीच्या नव्या राजवटीच्या बाजूने लढण्यास ज्यांनी नकार दिला, त्यांची रवानगी छावण्यांत झाली. दे सेता हे त्या नकार देणाऱ्यांपैकी एक. उमरावाच्या घरात वाढलेल्या या तरुणाला शेतकरी, कोळी, मजूर अशा घरांतून आलेल्या शिपायांचा सहवास या कैदेतच प्रथम घडला. पुढच्या आयुष्यात त्यांनी जे विषय निवडले, त्यांचा उगम या सहवासात शोधला जातो.

युद्धानंतर स्थापत्याचा व्यवसाय न करता ते चित्रपटाकडे वळले. १९५० च्या दशकाच्या प्रारंभी त्यांनी फ्रेंच दिग्दर्शक झां-पॉल ल शानुआ यांचे साहाय्यक म्हणून काम केले. त्यानंतर लगेच, स्वतःच्या पैशांनी व अगदी मोजक्या साहाय्यकांसह, त्यांनी सिसिलीत माहितीपटांचे काम हाती घेतले. निर्मिती, दिग्दर्शन, छायालेखन व संकलन ही सर्व कामे बहुतांशी ते स्वतःच करीत. त्यांच्या पत्नी व्हेरा गेरार्दुच्ची याही त्यांच्या चित्रपटांच्या कामात सहभागी होत्या.

पार्श्वभूमी

युद्धोत्तर इटलीत चित्रपटगृहात मुख्य चित्रपटाबरोबर एक लघुमाहितीपट दाखवण्याची पद्धत होती आणि अशा माहितीपटांना कायद्याने आर्थिक साहाय्य मिळत असे. त्यामुळे दहा मिनिटांच्या माहितीपटांचे अक्षरशः पीक आले. यांतील बरेचसे माहितीपट साहाय्याच्या रकमेसाठीच केलेले असत. एखादे शहर, एखादा उत्सव किंवा एखादा उद्योग दाखवायचा, त्यावर भारदस्त आवाजातले निवेदन चढवायचे आणि मागे वाद्यवृंद वाजवायचा, असा त्यांचा ठरलेला साचा होता. दे सेता यांनी या साच्यातली दहा मिनिटांची मर्यादा तेवढी ठेवली; बाकी सर्व टाकून दिले. चित्राच्या आरंभी दोन-चार ओळींचा मजकूर येतो, त्यात स्थळ व काम यांची माहिती असते. त्यानंतर शेवटपर्यंत प्रेक्षकाला कोणी काही समजावून सांगत नाही.

दक्षिण इटलीतील कोळ्यांचे जीवन पडद्यावर आणणारे ते पहिले नव्हेत. फ्रान्चेस्को आल्याता व त्यांच्या सिसिलियन मित्रांनी स्थापन केलेल्या पानारिया फिल्म या संस्थेने १९४० च्या दशकातच एओलियन बेटांवर व ट्यूनाच्या मासेमारीवर माहितीपट केले होते. लुकिनो व्हिस्कोन्ती यांचा ‘ला तेर्रा त्रेमा’ (१९४८) हा चित्रपट आची त्रेत्सा या गावात तेथील कोळ्यांनाच घेऊन, त्यांच्याच बोलीत चित्रित झाला. रोबेर्तो रोस्सेलिनी यांच्या ‘स्ट्रोंबोली’ (१९५०) या चित्रपटात ट्यूनाच्या शिकारीचा दीर्घ प्रसंग आहे. तथापि व्हिस्कोन्तींच्या चित्रपटात एक कादंबरी आधाराला होती आणि बोली न समजणाऱ्यांसाठी इटालियन निवेदन होते. रोस्सेलिनींच्या चित्रपटात ती शिकार इंग्रिड बर्गमन यांनी साकारलेल्या परक्या स्त्रीच्या भेदरलेल्या नजरेतून दिसते. दे सेता यांच्याकडे कथा नाही आणि परकी नजरही नाही. ज्यांचे काम आहे, त्यांच्या होडीत कॅमेरा बसलेला आहे.

‘लू तेम्पू दी ली पिशी स्पाता’

सिसिलियन बोलीतील या शीर्षकाचा अर्थ ‘तलवार माशांचा हंगाम’ असा होतो. १९५४–५५ मध्ये पूर्ण झालेला हा माहितीपट मेसिनाच्या सामुद्रधुनीत, म्हणजे सिसिली व इटलीचे मुख्य भूमीवरील टोक यांच्यामधील अरुंद पट्ट्यात चित्रित झाला आहे. ही सामुद्रधुनी सर्वांत अरुंद जागी सुमारे ३ किलोमीटर रुंद आहे. वसंताच्या अखेरीस व उन्हाळ्यात तलवार मासे येथून जातात. पाण्याचे प्रवाह येथे जोरदार व सतत दिशा बदलणारे असल्याने मासा कधी कोणत्या बाजूने जाईल, हे ओळखणे ही पिढीजात विद्या होती.

या शिकारीत दोन प्रकारच्या नौका असत. नांगर टाकून स्थिर उभ्या केलेल्या मोठ्या नौकेला ‘फेलूका’ म्हणत. तिच्या उंच डोलकाठीच्या टोकावर एक टेहळ्या तासन्‌तास उन्हात उभा राहून पाण्यातली सावली शोधत असे. दुसरी ‘लुंत्रो’ ही काळ्या रंगाची, हलकी, वल्ह्यांची होडी. टेहळ्याने आरोळी दिली की लुंत्रोवरील वल्हेकरी जिवाच्या आकांताने वल्हवू लागत आणि नाळेवर उभा असलेला भालाईत हात उचलून तयार राहत असे. मासा डावीकडे वळला, उजवीकडे वळला, खोल गेला, हे सर्व वरून ओरडून सांगितले जाई. होडीतल्या वल्हेकऱ्यांना स्वतःला मासा दिसत नसे. ते केवळ आवाजावर होडी वळवत.

या पद्धतीचे सर्वांत जुने वर्णन इ.स.पू. दुसऱ्या शतकातील ग्रीक इतिहासकार पॉलिबियस याचे आहे. ते स्ट्रेबो या भूगोलकाराच्या ग्रंथाच्या पहिल्या खंडात उतरले आहे. सामुद्रधुनीच्या काठी शिल्ला येथे सर्व होड्यांसाठी मिळून एक टेहळ्या बसतो. प्रत्येक होडीत दोन माणसे असतात, एक वल्हवतो व दुसरा भाला घेऊन नाळेवर उभा राहतो. भाल्याचे काटेरी टोक दांड्याला सैल बसवलेले असून त्याला लांब दोरी असते. मासा दमेपर्यंत दोरी सैल सोडतात व मग त्याला ओढून घेतात, असे ते वर्णन आहे. माशाची तलवार कधीकधी होडीची फळी भेदून वल्हेकऱ्याला जखमी करते, हेही त्यात नोंदले आहे. दोन हजार वर्षांपूर्वीच्या या वर्णनाशेजारी दे सेता यांचा माहितीपट ठेवला, तर वल्हेकऱ्यांची संख्या व टेहळणीची उंची एवढाच काय तो ठळक फरक दिसतो.

दहा मिनिटांपैकी बराच वेळ वाट पाहण्यात जातो. टेहळ्या पाण्याकडे डोळे लावून आहे, होडीतली माणसे पेंगुळली आहेत, किनाऱ्यावर बायका-मुले आहेत. मग आरोळी उठते आणि दृश्यांचा वेग एकाएकी वाढतो : वल्ही, पाठी, तोंडे, पाणी, वरचा माणूस, खालचा माणूस. आरोळ्या एकमेकींवर चढत जातात. भाला सुटतो आणि त्यानंतर पुन्हा सारे शांत होते. या उतारचढावात चित्रपटाचे कौशल्य आहे खरे; पण मुळात तो त्या कामाचाच उतारचढाव आहे.

चित्रणानंतर थोड्याच वर्षांत या व्यवसायाचे रूप पालटले. वल्ह्यांच्या होड्यांची जागा मोटरच्या नौकांनी घेतली. टेहळ्यासाठी लोखंडी मनोरा व भालाइतासाठी नाळेपासून पुढे काढलेला लांब पूल, अशी त्यांची रचना असते. मनोऱ्यावरचा माणूसच आता नौका हाकतो. त्यामुळे वरून खाली आरोळ्या देण्याचे कारण उरले नाही. माहितीपटाचा निम्मा आशय ज्या आवाजांत आहे, ते आवाज अशा रीतीने कामातूनच नाहीसे झाले.

‘कोन्तादीनी देल मारे’

‘समुद्राचे शेतकरी’ (१९५५) या माहितीपटाचा विषय ‘तोन्नारा’ म्हणजे ट्यूना माशासाठी समुद्रात कायम बांधलेला सापळा हा आहे. अंडी घालण्यासाठी मे-जून महिन्यांत किनाऱ्याजवळून जाणारे ट्यूनाचे थवे नांगरांनी समुद्रतळाशी बांधलेल्या लांबच लांब जाळ्याला अडतात, त्याच्या कडेने पुढे सरकतात आणि एकामागून एक अशा जाळ्याच्या खोल्यांत शिरतात. शेवटच्या खोलीला ‘मृत्यूची खोली’ म्हणतात. फक्त याच खोलीला जाळ्याचा तळ असतो. चारी बाजूंनी नौका लावून माणसे हा तळ हातांनी वर ओढतात. पाणी उथळ होत जाते, मासे पृष्ठभागावर येऊन उसळू लागतात आणि मग त्यांना आकड्यांनी नौकेत ओढून घेतले जाते. या अखेरच्या टप्प्याला ‘मात्तान्त्सा’ म्हणतात. हा शब्द ‘ठार मारणे’ या अर्थाच्या स्पॅनिश धातूवरून आला आहे.

संपूर्ण कामावर ज्याचा हुकूम चालतो, त्या प्रमुखाला ‘राईस’ म्हणतात. हा शब्द अरबीतील असून मराठीत फारसी-उर्दूमार्गे आलेला ‘रईस’ हा त्याचाच भाऊबंद होय. मराठीत मात्र तो श्रीमंतीकडे झुकला. सिसिलीत त्याचा ‘प्रमुख’ हा मूळ अर्थ कायम राहिला, आणि तेथील राईसचे काम आपल्याकडील तांडेलाच्या कामाशी जुळणारे आहे. सिसिलीवर नवव्या ते अकराव्या शतकांत अरबांची सत्ता होती, तिची ही खूण. जाळे ओढताना म्हटल्या जाणाऱ्या गाण्यांना ‘चालोमा’ म्हणतात. एकाने ओळ उचलायची व सर्वांनी ती झेलायची, या पद्धतीने अनेक हातांचा जोर एकाच क्षणी लागतो. म्हणजे गाणे हे येथे करमणुकीचे साधन नसून अवजार आहे, आणि दे सेता ते तसेच ऐकवतात.

शीर्षकाकडे लक्ष देण्यासारखे आहे. तोन्नाराची माणसे समुद्रात भटकणारी नाहीत. ती एका जागी जाळे ‘पेरतात’ आणि हंगामाची वाट पाहतात. पीक येईल की नाही, हे त्यांच्या हाती नसते. त्याच सुमारास दे सेता यांनी सिसिलीतील गव्हाच्या कापणीवर ‘पाराबोला दोरो’ आणि गंधकाच्या खाणीवर ‘सुर्फारारा’ हे माहितीपट केले. शेत, खाण आणि समुद्र या तिन्ही ठिकाणी त्यांचा कॅमेरा एकाच गोष्टीकडे पाहतो, ती म्हणजे शरीराचे श्रम.

मात्तान्त्साच्या प्रसंगात पाणी लाल होते, पण दिग्दर्शक तेथे रेंगाळत नाही. माशांच्या तडफडीइतकाच वेळ ओढणाऱ्यांच्या दंडांना, वाकलेल्या पाठींना व भिजलेल्या चेहऱ्यांना दिला आहे. प्रेक्षकाने कणव कोणाची करावी, हे सुचवलेले नाही. ट्यूनाचे घटलेले थवे, औद्योगिक मासेमारीची स्पर्धा व वाढता खर्च यांमुळे सिसिलीतील तोन्नारा एकेक करून बंद पडल्या. फावीन्याना बेटावरील प्रसिद्ध मात्तान्त्साही २००७ नंतर थांबली.

‘ईसोले दी फुओको’ व ‘पेस्केरेच्ची’

‘ईसोले दी फुओको’ (अग्निद्वीपे) हा माहितीपट सिसिलीच्या उत्तरेकडील एओलियन बेटांवर, मुख्यतः स्ट्रोंबोली येथे चित्रित झाला आहे. येथे मासेमारीपेक्षा मासेमारी करता न येणारा काळ अधिक दिसतो. समुद्र खवळला आहे, होड्या वर ओढून ठेवल्या आहेत, घरांची दारे बंद होत आहेत आणि वर ज्वालामुखी धुमसतो आहे. एका बाजूला लाटा व दुसऱ्या बाजूला आग, यांच्यामध्ये माणसांचे नित्याचे व्यवहार चालू राहतात. १९५५ च्या कान चित्रपट महोत्सवात लघुपटांच्या विभागात या चित्राला माहितीपटाचे पारितोषिक मिळाले आणि दे सेता यांचे नाव इटलीबाहेर पोहोचले.

‘पेस्केरेच्ची’ (मासेमारी नौका, १९५८) हा चौघांत सर्वांत कमी चर्चिला गेलेला, पण एका दृष्टीने सर्वांत आधुनिक आहे. यात सिसिली व आफ्रिका यांच्यामधील समुद्रात जाळी ओढणाऱ्या यांत्रिक नौकांवरील खलाशांचे जीवन आहे. वादळ होते तेव्हा या नौका लांपेदूसा बेटाच्या आसऱ्याला येतात. येथे वल्ही नाहीत, डोलकाठीवरचा टेहळ्या नाही. वल्ह्यांच्या तालाची जागा इंजिनाच्या आवाजाने घेतली आहे. आधीच्या तीन माहितीपटांत किनारा नेहमी नजरेच्या टप्प्यात असतो आणि काम संपले की माणसे घरी जातात. या नौकांवर घर दूर राहते; खाणेपिणे, झोप व काम एकाच फळीवर होते. हा माहितीपट पाहिला की दे सेता यांना केवळ जुन्या पद्धतींचे आकर्षण होते, हा आक्षेप टिकत नाही.

ध्वनी, रंग व संकलन

दे सेता यांच्या माहितीपटांचे वेगळेपण सर्वाधिक कशात असेल, तर ते ध्वनीत. चित्र व आवाज एकाच वेळी टिपणारी हलकी उपकरणे १९६० च्या सुमारास आली. त्याआधी बाहेर चित्रण करणारे बहुतेक दिग्दर्शक चित्र मूक घेत आणि आवाज स्टुडिओत तयार करीत. दे सेता चित्रणस्थळी टेपवर ध्वनिमुद्रण करीत. आरोळ्या, गाणी, यंत्रांचा खडखडाट, वारा हे सर्व त्या जागचेच आहे. मात्र ते चित्राबरोबर त्याच क्षणी टिपलेले नाही. नंतर संकलनाच्या टेबलावर चित्र व आवाज यांची सांगड घातली आहे. म्हणून त्यांची ध्वनिपट्टी ही जशीच्या तशी नोंद नव्हे. ती खऱ्या आवाजांची रचना आहे.

संकलनाबाबतही हेच म्हणता येते. बहुतेक माहितीपटांत पहाटेपासून सायंकाळपर्यंतचा एक दिवस दिसतो, परंतु हा एक दिवस अनेक दिवसांच्या चित्रणातून घडवलेला आहे. यामुळे काटेकोर अर्थाने त्यांना निरीक्षणात्मक म्हणावे की नाही, याविषयी मतभेद आहेत. पुढील काळातील अमेरिकन व फ्रेंच पद्धतीत न तुटलेल्या दीर्घ दृश्याला जो मान आहे, तो येथे नाही. तथापि घटना बनवून घेणे आणि घडलेल्या घटना जोडणे यांत फरक करावा लागतो. रॉबर्ट फ्लाहर्टी यांच्या ‘मॅन ऑफ ॲरन’ (१९३४) या आयर्लंडच्या किनाऱ्याजवळील बेटावरील प्रसिद्ध चित्रपटात मोठ्या शार्क माशाची जी शिकार आहे, ती त्या बेटावर कित्येक दशकांपूर्वीच बंद पडली होती आणि चित्रपटासाठी लोकांना नव्याने शिकवावी लागली. दे सेता यांनी चित्रित केलेले प्रत्येक काम त्या वर्षी, त्या जागी पोटापाण्यासाठी चालू होते.

रंगीत फिल्म आणि सिनेमास्कोपचा रुंद पडदा यांचा उपयोग त्यांनी फार लवकर केला. सिनेमास्कोप पद्धतीने प्रदर्शित झालेला पहिला चित्रपट १९५३ चा. वर्षा-दोन वर्षांच्या आत हे तंत्र एका लहानशा होडीत पोहोचले, ही बाब नमूद करण्यासारखी आहे. सुरुवातीच्या माहितीपटांसाठी त्यांनी फेरानियाकलर ही इटालियन फिल्म वापरली. दारिद्र्य दाखवायचे तर ते कृष्णधवल असावे, असा त्या काळच्या इटालियन चित्रपटांचा रिवाज होता. दे सेता यांच्या कोळ्यांचे सदरे, रंगवलेल्या होड्या व समुद्र त्यांच्या मूळ रंगांत दिसतात, आणि त्यामुळे ती माणसे कीव करण्याजोगी वाटत नाहीत.

मर्यादा

या माहितीपटांवर घेतला जाणारा मुख्य आक्षेप असा की, श्रम दिसतात पण श्रमाचे अर्थकारण दिसत नाही. जाळे कोणाच्या मालकीचे, मासा कोणत्या भावाने गेला, वल्हेकऱ्याच्या वाट्याला काय आले, याचा पत्ता लागत नाही. व्हिस्कोन्तींच्या ‘ला तेर्रा त्रेमा’मध्ये दलालांकडून होणारी पिळवणूक हाच कथेचा कणा आहे, दे सेता यांच्याकडे दलाल पडद्यावर येतच नाही. निवेदन टाळल्याची ही किंमत आहे. जे डोळ्यांना दिसत नाही व कानांना ऐकू येत नाही, ते या पद्धतीत सांगता येत नाही. स्त्रियांचे श्रमही समुद्रावरील चित्रांत थोडेच आले आहेत. त्या प्रामुख्याने वाट पाहणाऱ्या म्हणून दिसतात. दहा मिनिटांत एका माणसाची स्वतंत्र ओळख व्हावी, एवढाही अवकाश मिळत नाही. कोणाचेही नाव प्रेक्षकाला कळत नाही.

उलट बाजूने असे म्हणता येते की, त्या काळच्या माहितीपटांत निवेदक या माणसांच्या वतीने बोलत असे व ते शुद्ध इटालियनमध्ये बोलत असे. दे सेता यांनी भाषांतरही दिले नाही. सिसिलीबाहेरच्या इटालियन प्रेक्षकालाही त्यातील बरेच बोलणे कळत नसणार. पण ते बोलणे त्यांचे स्वतःचे होते.

नंतरचे काम

सार्डिनियात मेंढपाळांवर दोन लघुमाहितीपट केल्यानंतर त्यांनी तेथेच ‘बान्दीती आ ओर्गोसोलो’ (१९६१) हा पहिला कथापट केला. खोट्या संशयामुळे मेंढरे घेऊन डोंगरात पळालेला व शेवटी खरोखरच लुटारू झालेला मेंढपाळ हा त्याचा नायक. भूमिका तेथील मेंढपाळांनीच केल्या. संवाद मात्र इटालियनमध्ये नंतर भरले गेले. आधीच्या माहितीपटांचा कर्ताच येथे स्थानिकांचा आवाज गमावून बसला, ही गोष्ट अभ्यासकांना खटकत आली आहे. व्हेनिस महोत्सवात या चित्रपटाला पदार्पणाचे पारितोषिक मिळाले. पुढे कीर्तीस आलेले छायालेखक लुचानो तोव्होली यांनी याच चित्रपटावर उमेदवारीच्या काळात काम केले.

‘उन उओमो आ मेता’ (१९६६) या मनोविश्लेषणात्मक चित्रपटातील भूमिकेसाठी झाक पेरां यांना व्हेनिस येथे अभिनयाचे पारितोषिक मिळाले. ‘लिन्विताता’ (१९६९) हा त्यानंतरचा कथापट.

इटलीत सामान्य प्रेक्षकांपर्यंत दे सेता यांचे नाव पोहोचले ते ‘दिआरिओ दी उन माएस्त्रो’ (एका शिक्षकाची रोजनिशी, १९७३) या चार भागांच्या दूरचित्रवाणी मालिकेमुळे. आल्बीनो बेर्नार्दीनी या शिक्षकाच्या अनुभवकथनावर आधारलेल्या या मालिकेत रोमच्या उपनगरातील खरीखुरी मुले आणि ब्रूनो चिरीनो हे नट एका वर्गात महिनोन्‌महिने एकत्र राहिले. संवाद लिहून दिलेले नव्हते. मुलांनी पाठ म्हणायचे नाहीत, प्रश्न विचारायचे. आणि कॅमेऱ्याने वाट पाहायची. होडीत शिकलेली ही शिस्त येथे वर्गात आली, असे म्हणता येईल. शाळा सोडून भटकणाऱ्या मुलांना परत आणणाऱ्या त्या शिक्षकाने इटलीतील शिक्षणपद्धतीविषयी मोठी चर्चा घडवून आणली.

१९८० मध्ये ‘ला सिचिलिया रिव्हिजिताता’ या मालिकेसाठी ते आपल्या जुन्या चित्रणस्थळांकडे पुन्हा गेले. १९९३ च्या ‘इन कालाब्रिया’मध्ये शेती व हस्तव्यवसाय यांच्या ऱ्हासाचा मागोवा आहे, येथे मात्र निवेदन आहे. ‘लेत्तेरे दाल साहारा’ (सहारातून पत्रे, २००६) हा कथापट समुद्रमार्गे लांपेदूसाला पोहोचलेल्या एका सेनेगाली तरुणाविषयी आहे. ‘पेस्केरेच्ची’मधील खलाशी वादळात ज्या बेटाचा आसरा घेतात, तेच हे बेट. जवळजवळ अर्ध्या शतकानंतर दिग्दर्शक तेथे परतला, तेव्हा आसरा शोधणारी माणसे दुसरी होती.

पुनर्शोध

१९५० च्या दशकातील हे माहितीपट दीर्घकाळ विस्मृतीत होते. मुख्य चित्रपटाआधी दाखवण्याच्या दहा मिनिटांच्या चित्राला स्वतंत्र आयुष्य नसते. मुख्य चित्रपट उतरला की तेही उतरते. साल्व्हो कुच्चा यांनी २००४ मध्ये ‘देतूर दे सेता’ हा त्यांच्यावरील माहितीपट केला. सिसिलियन वंशाचे अमेरिकन दिग्दर्शक मार्टिन स्कॉर्सेसी यांनी या माहितीपटांचा जाहीर पुरस्कार केला आणि २००५ मध्ये न्यूयॉर्कच्या ट्रायबेका महोत्सवात ते दाखवले गेले. बोलोन्या येथील चिनेतेका या चित्रपट-संग्रहालयाने त्यांच्या प्रतींचा जीर्णोद्धार केला. दहाही माहितीपट ‘इल मोंदो पेरदुतो’ (हरवलेले जग) या नावाने एकत्र प्रसिद्ध झाले.

लुसियन कास्टेन-टेलर व व्हेरेना पाराव्हेल यांचा अमेरिकेतील न्यू बेडफर्डच्या ट्रॉलरवरील ‘लेव्हायथन’ (२०१२) हाही निवेदन व मुलाखतींशिवायचा समुद्रपट आहे. तो दे सेता यांच्या माहितीपटांबरोबर पाहण्याजोगा आहे. त्यात छोटे कॅमेरे जाळ्यात, माशांत, पाण्यात जातात आणि माणूस अनेकदा चौकटीबाहेर राहतो. दे सेता यांच्या चौकटीतून माणूस सहसा सुटत नाही.

आयुष्याचा उत्तरकाळ दे सेता यांनी कालाब्रियातील सेल्लिया मारिना येथे घालवला आणि तेथेच वयाच्या ८८ व्या वर्षी त्यांचे निधन झाले. ‘आर्तिकोलो २३’ (२००८) हा लघुपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी होय. मानवी हक्कांच्या जागतिक जाहीरनाम्यातील २३ वे कलम काम मिळण्याच्या व कामाचा न्याय्य मोबदला मिळण्याच्या हक्काविषयी आहे.